'कारण सापडलं नाही' वेगळं, 'कारण लिहिलं नाही' वेगळं

परभणीहून एका बी.फार्म. झालेल्या मुलाने विचारलंय. सीपीसी परीक्षेची, म्हणजे मेडिकल कोडिंगच्या प्रमाणपत्र परीक्षेची तयारी चालू आहे. (कोडिंग म्हणजे डॉक्टरांनी लिहिलेला आजार ठरलेल्या कोडमध्ये मांडणं.) सरावाच्या चार्टमध्ये, म्हणजे रुग्णाच्या नोंदीत, डॉक्टरांनी लिहिलं होतं: "उजव्या रेडियसच्या खालच्या टोकाचा एव्हीएन. दोन वर्षांपूर्वी तिथेच फ्रॅक्चर झाल्याची हिस्ट्री." एव्हीएन म्हणजे रक्त न मिळाल्याने हाड मरणं, त्यालाच नेक्रॉसिस किंवा ऑस्टिओनेक्रॉसिस म्हणतात. या मुलाने एम८७.०३१ दिला. ट्रेनरने लाल रेघ मारली आणि सांगितलं, एम८७.२३१ पाहिजे, शिवाय एक कोड राहिला. आता त्यांचे दोन प्रश्न आहेत. फोरआर्मच्या, म्हणजे कोपरापासून मनगटापर्यंतच्या हाडाच्या नेक्रॉसिसला सरळ एकच कोड का नाही? आणि डॉक्टरांनी 'फ्रॅक्चरमुळे' असं कुठं म्हटलंय?

दुसरा प्रश्न वाचून मला बरं वाटलं, कारण खरी गोम तिथंच आहे. तुमचा कोड चुकला हे खरं. पण म्हणून तुमच्या ट्रेनरचा बरोबर ठरतो असं नाही.

आधी थोडं माझ्याबद्दल. मी लातूरची. सुरुवातीची दीड-दोन वर्षं एका हॉस्पिटलच्या रेकॉर्ड रूममध्ये काढली, मग हैदराबादला अमेरिकन चार्टचं कोडिंग, आणि आता घरूनच तेच काम, ऑर्थोपेडिक्सच्या टीमवर. पुढे जे सांगते ते अमेरिकेच्या आयसीडी-१०-सीएम या आजारांच्या कोडच्या पुस्तकाचं आहे, कारण तुमची परीक्षा त्यावर आहे. हे पुस्तक दरवर्षी १ ऑक्टोबरला बदलतं, तेव्हा चालू वर्षाची प्रत समोर ठेवूनच माझं म्हणणं तपासा. कोड देवनागरीत लिहितेय, पुस्तकात अर्थातच इंग्रजी अक्षरं आहेत.

पहिला प्रश्न लवकर मिटतो. एम८७ मध्ये, म्हणजे हाडाच्या नेक्रॉसिसच्या गटात, 'फोरआर्म' नावाची जागा शोधाल तर सापडणार नाही. तिथं हाडं आहेत: रेडियस आणि अल्ना, ही फोरआर्मची दोन हाडं, आणि कार्पस, म्हणजे मनगटातली आठ छोटी हाडं. प्रत्येकाचं उजवं, डावं आणि बाजू न लिहिलेलं. तीन त्रिक नऊ. शेवटचा आकडा १ ते ३ रेडियस, ४ ते ६ अल्ना, ७ ते ९ कार्पस. हा क्रम प्रत्येक कारणाच्या खाली तसाच्या तसा येतो, म्हणून एकदा डोक्यात बसला की पुन्हा पाठ करावा लागत नाही.

तुमचा गोंधळ कुठून आला असेल याचा मला अंदाज आहे, कारण माझाही तसाच झाला होता. रेकॉर्ड रूममध्ये आम्ही जागतिक आरोग्य संघटनेचं आयसीडी-१० वापरायचो. त्यात जागेच्या आकड्यांत ३ म्हणजे फोरआर्म, त्यात रेडियस, अल्ना आणि मनगटाचा सांधा. कार्पस मात्र ४ मध्ये, हाताच्या पंजाबरोबर. अमेरिकन पुस्तकाने एम८७ पुरतं कार्पस उचलून रेडियस-अल्नाच्या पंगतीला बसवलं. हैदराबादला पहिल्याच महिन्यात माझ्याकडे स्कॅफॉइडच्या, म्हणजे कार्पसमधल्या एका हाडाच्या, नेक्रॉसिसचा चार्ट आला आणि मी सवयीने पंजाच्या रांगेतला, म्हणजे एम८७.०४ मधला कोड देऊन मोकळी झाले. ऑडिटला चूक निघाली. आमच्याकडे अचूकता ९५ टक्क्यांच्या खाली गेली की महिनाभर प्रत्येक चार्ट दुसरा कुणीतरी तपासायचा. तो महिना मी विसरलेले नाही.

जुन्या आयसीडी-९ मध्ये ही डोकेदुखीच नव्हती. खांद्याच्या बाजूचं ह्युमरसचं, म्हणजे दंडाच्या हाडाचं, डोकं, मांडीच्या हाडाचं डोकं, गुडघ्याजवळचा एक भाग, टाचेवरचा टॅलस आणि जबडा एवढ्यांनाच स्वतंत्र कोड होते. कोपरापासून मनगटापर्यंतचं सगळं ७३३.४९ मध्ये, 'इतर' म्हणून. १ ऑक्टोबर २०१५ ला नवीन पुस्तक लागू झालं आणि त्या एका 'इतर'च्या जागी एवढी मोठी रांग उभी राहिली.

आता मुख्य गोष्ट. एम८७ मध्ये हाडाच्या आधी कारण येतं. एम धरून चौथी जागा, म्हणजे टिंबानंतरचा पहिला आकडा, कारणाचा: ० म्हणजे इडिओपॅथिक, १ औषधामुळे, २ पूर्वीच्या इजेमुळे, ३ दुसऱ्या एखाद्या कारणाने आलेलं, ८ इतर प्रकारचं. आणि एम८७.९ म्हणजे काहीच सांगितलेलं नाही, त्याला पुढे हाडही नाही आणि बाजूही नाही. हाड आणि बाजू तुम्ही अचूक धरलीत. घसरलात ते शून्यावर.

इडिओपॅथिक हा शब्द सगळ्यात जास्त गैरवापर होणारा शब्द आहे. नवीन कोडर त्याचा अर्थ 'कारण दिलेलं नाही' असा लावतात. डॉक्टरचा अर्थ वेगळा असतो: मी इजा विचारली, स्टेरॉइड विचारलं, दारू विचारली, रक्ताचे आजार पाहिले, आणि तरी कारण सापडलं नाही. हे डॉक्टरने काढलेलं अनुमान आहे. चार्टमध्ये कारण नसणं ही नुसती कागदावरची रिकामी जागा आहे. ती रिकामी जागा आपण 'शोधलं, सापडलं नाही' असं वाचायची नाही. तलाठ्याच्या उताऱ्यावर वारसाचं नाव नसणं आणि मयताला वारस नसणं या दोन गोष्टी एक नाहीत, तसंच हे.

तुमच्या चार्टमध्ये तर फ्रॅक्चर समोर लिहिलेलं होतं. म्हणजे शून्य घेताना तुम्ही एका वाक्यावरून उडी मारलीत. पण ट्रेनरने दोन धरताना दुसऱ्या बाजूला उडी मारली. 'हिस्ट्री आहे' आणि 'त्यामुळे झालं' यांच्या मधला पूल डॉक्टरने बांधायचा असतो. पुस्तकात 'विथ' किंवा 'इन' या शब्दांखाली जोडलेले आजार एकमेकांशी संबंधित धरायची मुभा आहे, पण एम८७.२ च्या नावात 'ड्यू टू' आहे. तिथं संबंध गृहीत धरता येत नाही. वैद्यकीयदृष्ट्या तो कितीही उघड दिसला तरी नाही. तुम्ही बी.फार्म., तुम्हाला औषधं कळतात, मला इतक्या वर्षांत एमआरआयचे शब्द कळायला लागलेत, पण चार्टवर सही आपली नसते. म्हणून खऱ्या कामात याचं उत्तर दोन्हींपैकी एकही कोड नाही. उत्तर आहे क्वेरी, म्हणजे डॉक्टरलाच लेखी विचारणं.

क्वेरी लिहिण्यातही एक खोच आहे. "हा एव्हीएन फ्रॅक्चरमुळेच आहे ना?" असं विचारलं तर तो उत्तर तोंडात कोंबल्याचा प्रकार होतो, आणि ऑडिटमध्ये अशी क्वेरी टिकत नाही. मी साधारण अशी लिहिते: "उजव्या रेडियसच्या ऑस्टिओनेक्रॉसिसची नोंद आहे. दोन वर्षांपूर्वी त्याच जागी फ्रॅक्चर झाल्याचीही नोंद आहे. ऑस्टिओनेक्रॉसिसचं कारण आपल्या वैद्यकीय मतानुसार कृपया नोंदवावं: पूर्वीच्या फ्रॅक्चरमुळे, औषधामुळे (औषधाचं नाव), इडिओपॅथिक, अन्य, सांगता येत नाही." शेवटचे दोन पर्याय ठेवायलाच लागतात, नाहीतर आपणच कोपऱ्यात ढकलल्यासारखं होतं.

डॉक्टरने 'पूर्वीच्या फ्रॅक्चरमुळे' असं लिहून दिलं, तर तुमच्या ट्रेनरचे कोड बरोबर. आधी एम८७.२३१, कारण आज त्रास देणारी अवस्था आधी येते. मग ज्या इजेने ती मागे ठेवली तिचा कोड, शेवटी सिक्वेलाचा, म्हणजे जुन्या इजेच्या मागे राहिलेल्या परिणामाचा, एस लावून. फ्रॅक्चर रेडियसच्या खालच्या टोकाचं, बाकी तपशील नाही, म्हणून एस५२.५०१एस. हाच तुमचा राहिलेला कोड. हाडाचा मोठा तुकडाच गेला आहे असं डॉक्टरने लिहिलं असेल तर एम८९.७३१ सुद्धा जोडायचा, एम८७ च्या डोक्यावर तशी सूचनाच आहे.

उत्तर आलंच नाही तर? इथं टीमवर अवलंबून आहे. इंडेक्समध्ये नुसतं ऑस्टिओनेक्रॉसिस शोधलं की ते एम८७.९ ला नेऊन सोडतं, आणि मी तिथंच थांबते, बरोबर जुनं बरं झालेलं फ्रॅक्चर सांगणारा झेड८७.८१. काही ठिकाणी हाड हातचं जाऊ नये म्हणून एम८७.८३१ देतात. मला ते पटत नाही. 'इतर' म्हणजे डॉक्टरने सांगितलंय पण पुस्तकात त्याला खण नाही. 'अनस्पेसिफाइड' म्हणजे डॉक्टरने सांगितलेलंच नाही. पण तुमच्या कंपनीचा लेखी नियम असेल तर तो पाळा, आणि नियम लेखीच मागा.

'खालचं टोक' वाचून मनगटाच्या सांध्याकडे जाऊ नका, हेही सांगून ठेवते. मार्गदर्शक सूचनांच्या तेराव्या प्रकरणात एव्हीएनचंच नाव घेऊन म्हटलंय की आजार सांध्याजवळच्या टोकाला असला तरी जागा हाडाची धरायची, सांध्याची नाही. रेडियसचं डोकं कोपरात असतं, तरी कोड रेडियसचाच.

बाजू लिहायची डॉक्टर विसरले असतील तर नर्स किंवा फिजिओथेरपिस्टच्या नोंदीवरून घेता येते. कारण मात्र तसं घेता येत नाही. "बहुधा एव्हीएन" असं ओपीडीच्या कागदावर असेल तर एव्हीएन कोडच करायचा नाही, दुखणं कोड करायचं, उजव्या फोरआर्मचं एम७९.६३१. तेच वाक्य भरती रुग्णाच्या डिस्चार्ज समरीत असेल तर झालंय असं धरून करायचं. विचित्र वाटतं, पण नियम तसा आहे.

दुसऱ्या कारणांवरून मी भराभर जाते. स्टेरॉइडमुळे असेल तर एम८७.१३१ आधी आणि मग औषधाचा दुष्परिणाम सांगणारा टी३८.०एक्स५ए. गोळ्या अजून चालू असतील तर झेड७९.५२. दारूमुळे असं डॉक्टरने लिहिलं असेल तर चौथा आकडा ३, सोबत दारूचा कोड. सिकलसेलचं मात्र नीट बघा, कारण तिथं एम८७ सोडावा लागतो. आपल्याकडे किनवट-माहूरच्या आदिवासी गावांतून सिकलसेलचे रुग्ण नांदेडला येतात, तेव्हा हे नाव तुम्हाला नवं नाही. अमेरिकन चार्टमध्येही ते वरचेवर दिसतं. तिथं आधी मूळ आजार, क्रायसिस (सिकलसेलचा अचानक येणारा झटका) नसेल तर डी५७.१, आणि मागून एम९०.५३१. गंमत म्हणजे तुम्ही शोधत होतात तो 'फोरआर्म' शब्द इथं आहे! एम९०.५३ फोरआर्मचाच, रेडियस-अल्ना वेगळे न करता. फक्त हा कोड कधीच पहिला बसत नाही.

आता 'मेलेलं हाड' या शब्दाबद्दल. ऑपरेशन नोटमध्ये "मृत हाड काढलं" असं दिसलं की नवी मुलं एम८७ कडे पळतात. इथं आपली भाषा कामाला येते. आमच्या गावाकडे जखमेत पू होऊन आतलं हाड गेलं तर म्हणतात हाड सडलं. रक्त न मिळाल्याने गेलं तर ते सडत नाही, उभ्या झाडासारखं जागेवर वाळतं. एम८७ वाळलेल्या हाडाचा आहे. सडलेलं हाड म्हणजे जंतुसंसर्ग, आणि इंडेक्समध्ये सिक्वेस्ट्रम (सुटा झालेला मृत हाडाचा तुकडा) शोधलं तर ते जुनाट ऑस्टिओमायलायटिसकडे, म्हणजे हाडाच्या जंतुसंसर्गाकडे पाठवतं. उजव्या बाजूला पू वाहणारं तोंड असेल तर एम८६.४३१, तिथं रेडियस-अल्ना पुन्हा एकत्र. डॉक्टरने दोन्ही शब्द एकाच नोटमध्ये वापरले असतील तर परत क्वेरी.

कार्पसमध्ये अजून एक जण वेगळी चूल मांडून बसलाय: ल्युनेट. व्हिएन्नाच्या किनबॉक नावाच्या रेडिओलॉजिस्टने १९१० मध्ये या हाडाच्या खचण्याचं वर्णन केलं, आणि तेव्हापासून ते त्याच्या नावाने चालतं. डॉक्टरने 'किनबॉक' लिहिलं आणि रुग्ण प्रौढ असेल तर एम९३.१, ज्याला उजवं-डावं काहीच नाही. लहान वयातला असेल तर एम९२.२१ ची रांग, तिला बाजू आहे. आणि एम८७ च्या डोक्यावर स्पष्ट मनाई आहे, तेव्हा त्याच हाडाला दोन्ही एकत्र द्यायचे नाहीत.

शेवटी सातव्या अक्षराबद्दल, म्हणजे इजेच्या कोडच्या टोकाला भेटीचा प्रकार सांगणाऱ्या अक्षराबद्दल, कारण तुमच्या चार्टमधला एस पाहून सगळीकडे एस लावायची सवय लागेल. माझे मामा औशाजवळच्या गावात राहतात. ऊस भरलेल्या ट्रॉलीवरून उतरताना पाय घसरला आणि उजव्या तळहातावर आपटले. मनगट सुजलं. मुरगळलंय म्हणून आंबेहळदीचा लेप, वर फडकं. महिन्याभरात सूज गेली, दुखणं राहिलं, आणि ते कुणाला न सांगता डाव्या हाताने पाण्याची घागर उचलायला शिकले. सव्वा वर्षाने लातूरला एक्स-रे झाला. डॉक्टरांनी फिल्म खिडकीकडे धरली आणि पेनाच्या टोकाने दाखवलं: शेंगदाण्याएवढं हाड, मधोमध काळी चीर, आणि चिरेच्या कोपराकडचा अर्धा भाग बाकीच्या हाडांपेक्षा पांढराफटक. मामांना वाटलं पांढरं म्हणजे मजबूत. ते मेलेलं होतं.

स्कॅफॉइडला रक्त उलट्या दिशेने जातं. रक्तवाहिनी बोटांकडच्या बाजूने शिरते आणि कोपराकडच्या टोकाला शेवटी पोचते. डॉक्टरांनी मामांना एवढंच सांगितलं, "काका, जायकवाडीचा कालवा मधेच फुटला तर टेलच्या शेताला पाणी येईल का?" मामांनी मान हलवली. मला ॲनाटॉमीच्या पुस्तकातून जे दोनदा वाचून कळलं नव्हतं ते तिथं कळलं.

घरी आल्यावर मी सवयीने मनात कोड लावले. नेक्रॉसिस डॉक्टरांनी स्वतः त्या पडण्याशी जोडलेलं, उजवा कार्पस, म्हणून एम८७.२३७. फ्रॅक्चर स्कॅफॉइडच्या मधल्या भागाचं. हाड सरकलंय की नाही ते कागदावर नव्हतं, आणि तसं असेल तर नियमाने सरकलेलंच धरायचं, म्हणून एस६२.०२१. पुढे? एस नाही, कारण फ्रॅक्चर भरलेलंच नव्हतं. जुळलं नाही म्हणजे नॉनयुनियन, म्हणून मी के लावला आणि दुसऱ्या दिवशी टीममधल्या मुलींना ऐटीत उदाहरण म्हणून सांगितलं.

आमच्या सीनिअर मॅडमनी एकच प्रश्न विचारला: "मामांनी फ्रॅक्चरसाठी याआधी उपचार कधी घेतले?" घेतलेच नव्हते. सूचनांमध्ये वाक्य आहे की फ्रॅक्चरचे किंवा नॉनयुनियनचे उपचार घ्यायला रुग्णाने उशीर केला असेल तर सुरुवातीच्या भेटीचं अक्षर लावायचं. सव्वा वर्ष झालं असलं तरी ए. लेप हा पुस्तकाच्या लेखी उपचार नाही. एस६२.०२१ए. मी ते वाक्य कितीदा तरी वाचलं होतं.

तर तुमच्या चार्टपुरतं असं करा. ट्रेनरना विचारा, फ्रॅक्चरचा आणि एव्हीएनचा संबंध डॉक्टरने कोणत्या ओळीत लिहिलाय. चार्टच्या दुसऱ्या पानावर तशी ओळ असेल आणि तुमच्या नजरेतून सुटली असेल, तर त्यांचे दोन्ही कोड मान्य करून टाका. नसेल तर तो चार्टच अर्धवट आहे, तुमचं आणि त्यांचं भांडण नाही. परीक्षेत १०० प्रश्नांना ४ तास असतात, तिथं डॉक्टरला विचारायची सोय नसते, म्हणून नीट काढलेल्या प्रश्नात 'मुळे' हा शब्द दिलेला असतो. पर्याय वाचायच्या आधी तो शोधा. माझ्या जुन्या पुस्तकात एम८७ च्या पानावर, शून्याच्या खणाशेजारी, पेन्सिलने अजून लिहिलेलं आहे: "डॉ.नी शोधलं का?"